पावणेदहा

रविवारी दुपारी भांडी घासून पालथी घातली, ओले हात टॉवेलला पुसले आणि कानवालीने ठरवलं, आज त्या बटणाचा सोक्षमोक्ष लावायचाच.

कानवाली हे काही तिचं नाव नव्हे. ती श्रवणयंत्रं दुरुस्त करायची. बावीस वर्षं एकाच दुकानात, काउंटरच्या मागच्या खोलीत, दिव्याखाली मान घालून. ऐकू कमी येणारी माणसं मोठ्याने बोलतात, त्यामुळे ‘कानवाल्या ताई आहेत का?’ ही हाक पार रस्त्यापर्यंत जायची. एकदा बाबांनी ती ऐकली आणि घरी येऊन तिचं बारसंच करून टाकलं. तेव्हापासून घरातही तेच.

तिच्या धंद्यात एक नळी असते. डॉक्टरांच्या स्टेथोस्कोपसारखी, फक्त टोकाला भोंग्याऐवजी बारीक रबरी तोंड. यंत्र दुरुस्त झालं की ते तोंड यंत्राला लावायचं आणि आपल्या कानांनी ऐकायचं. खरखरतंय का, शिट्टी मारतंय का, गिऱ्हाइकाच्या आधी आपल्याला कळलं पाहिजे. ही सवय तिच्या इतकी अंगवळणी पडली होती की घरातला मिक्सर बंद पडला तरी बाई आधी नळी शोधायची. बाबा म्हणायचे, ‘हिला नवरा दाखवायला नेलं असतं तर त्यालाही नळी लावून बघितलं असतं हिने.’

बाबा आता नव्हते. सात महिने झाले होते. आणि आई बाहेरच्या खोलीत टीव्हीसमोर हवेच्या गादीवर पडून होती, त्यालाही साडेसहा महिने होत आले होते.

आठवड्याचे सहा दिवस दिवसा एक मावशी यायच्या. रात्र आणि रविवार कानवालीचे. दर दोन तासांनी आईची कूस बदलायची, पाठीला पावडर लावायची, चमच्याचमच्याने पेज भरवायची, कपडे बदलायचे, चादर धुवायची. झोप खुर्चीतच. कंबर कामातून गेली होती. आरशात बघायचं तिने सोडून दिलं होतं, कारण तिथे जी बाई दिसायची ती दिवसेंदिवस आईसारखीच दिसायला लागली होती. खोटं कशाला सांगा, अलीकडे रात्री चादर बदलताना तिच्या मनात यायचं, सुटावी एकदाची. मग ती दचकायची. कारण सुटका कुणाची म्हणतोय आपण, आईची की आपली, याचं उत्तर तिला नीट देता यायचं नाही.

तर ते बटण.

बाबा रेल्वेच्या फाटकावर होते. बत्तीस वर्षं. गाडी आली की फाटक पाडायचं, गेली की उचलायचं. निवृत्त झाल्यावर घरात बसून त्यांना काही सुचेना. दादाने, म्हणजे कानवालीच्या मोठ्या भावाने, लांबच्या शहरातून टीव्हीला जोडायचा गेम पाठवला. सोबत दोन कंट्रोलर. म्हाताऱ्यांची बोटं हलती राहतील म्हणून. आईने आधी नाक मुरडलं, मग रोज दुपारी चार वाजता दोघं शेजारी-शेजारी खुर्च्या लावून बसू लागली.

खेळ अगदी पोरकट होता. दोन ठेंगू माणसं, एकाची टोपी लाल, एकाची पिवळी. समोर बाग, बागेत बारा फुलं, आणि बागेच्या पलीकडे भिंतीत एक दगडी फाटक. एकाने भिंतीखालच्या बिळातून आधी पलीकडे जायचं, तिथल्या शिळेवर उभं राहून डावं बटण दाबून धरायचं. मग फाटक वर उचललं जायचं. बटण धरलेलं असेपर्यंत हातातला कंट्रोलर बारीक घुरघुरत राहायचा. दुसरा आत आला की बटण सोडायचं आणि दोघांनी मिळून पुढच्या बागेत जायचं. बटण आधीच सुटलं तर फाटक धाडकन खाली.

पिवळी टोपी बाबांची. फाटक धरायचं काम दुसऱ्या कुणाला देतील तर शपथ. आणि आई बाहेर बागेत फुलं गोळा करत बसायची.

‘अगं ये की! बोट दुखायला लागलं माझं.’

‘आले हो. एवढी दोन फुलं घेते.’

‘दहापर्यंत मोजतो. मग सोडून देईन बघ.’ आणि बाबा मोजायला लागायचे. सात, आठ, नऊ… साडेनऊ… पावणेदहा… त्यापुढे काही जायचे नाहीत. पावणेदहा झाले की थोडा वेळ थांबून पुन्हा नऊवर यायचे. आईला हे पक्कं ठाऊक होतं, त्यामुळे तीही काही घाई करायची नाही.

असंच एका दुपारी फाटक उघडून बाबा आत उभे होते, आई बाहेर फुलं तोडत होती. ती ‘आले हो’ म्हणाली तरी शेजारून मोजणं ऐकू येईना. बराच वेळ ती टीव्हीकडे बघतच बोलत राहिली. मग मान वळवली. बाबांची मान छातीवर पडली होती आणि अंगठा बटणावर तसाच होता.

कानवाली दुकानातून धावत आली. तिनेच तो अंगठा उचलला. बटण मात्र वर आलं नाही. ते खाली रुतून बसलं ते बसलंच. तिने कंट्रोलर बाबांच्या चष्म्यासोबत टीव्हीखालच्या खणात ठेवून दिला.

दोन आठवड्यांनी आईला पक्षाघात झाला. डावी बाजू गेली, वाचा गेली. उजवा हात तेवढा राहिला. त्या हाताने ती सारखी टीव्हीकडे दाखवायची. शेवटी कानवालीने गेम लावून दिला, आईचा कंट्रोलर तिच्या तळहातात ठेवला. खेळ थांबला होता तिथूनच सुरू झाला. बाबांचं बटण अडकलेलंच असल्यामुळे फाटक उघडं होतं. आत शिळेवर पिवळी टोपी उभी. बाहेर लाल टोपी. आई अंगठ्याने टोपी हळूहळू फिरवायची, एकेक करून दहा फुलं घ्यायची, शेवटची दोन ठेवायची आणि दमून डोळे मिटायची. उघड्या फाटकाकडे वळूनही बघायची नाही. दुसऱ्या दिवशी गेम लावला की बारा फुलं पुन्हा उगवलेली असायची. साडेसहा महिने हेच चाललं होतं.

आणि सात महिने तो खणातला कंट्रोलर घुरघुरत होता. गेम बंद असला तरी. लाकडाला लाकूड लागून खण थरथरायचा. गुरुवारी डॉक्टर आले, आईचे पाय चाचपून म्हणाले, ‘ताई, आता दिवस थोडे आहेत. त्रास देऊ नका, शांतपणे जाऊ द्या.’ शांतपणे! तेव्हाही खण घुरघुरतच होता.

रविवारी सकाळी दादाचा फोन आला तेव्हा तिने त्या अडकलेल्या बटणाचं आणि घुरघुरीचं सांगितलं.

‘अगं, मग करून टाक ना हातासरशी. तुझं तर कामच आहे ते.’

दादाला लांबून सगळंच हातासरशी होण्यासारखं दिसायचं. पण त्याचं म्हणणं चुकीचंही नव्हतं. तिच्या मनात आलं, बटण नीट झालं तर आईला पहिल्यापासून नवा डाव लावून देता येईल. सहा महिने एकाच बागेत फिरते आहे बिचारी. शेवटचे चार दिवस जरा वेगळं काही बघेल.

तिने आईच्या पलंगाशेजारच्या टेबलावर जुना टॉवेल अंथरला. स्क्रू ठेवायला वाटी, बारीक स्क्रू-ड्रायव्हर, स्पिरिट, कापूस, यंत्रातला मळ काढायचा ब्रश, आणि अर्थात नळी. टीव्हीवर गेम लावलेला, बटण वर आलं की लगेच कळावं म्हणून. बाहेर आभाळ भरून आलेलं, खोलीत राखाडी उजेड. औषधांचा, पावडरचा आणि ओल्या चादरीचा वास. खालच्या मजल्यावर कुणीतरी खुर्ची सरकवली आणि मग तिथेही शांतता.

खणातून कंट्रोलर काढताच आईने उजवा हात उचलला. पलंगाच्या लोखंडी कठड्यावर बोटं आपटू लागली. ‘अं… अं…’

‘भांडं देऊ का आई?’

आईने मान हलवली. हो की नाही, ते काही कळेना. कानवालीने भांडं दिलं, काढलं, पांघरूण सारखं केलं. आई पुन्हा कठड्यावर बोटं आपटायला लागली. ‘झालंच आई, एवढं करते आणि येते,’ म्हणून ती टेबलाकडे वळली.

मागचे चार स्क्रू निघाले. कवच दोन भागांत सुटलं. तिने आधी बॅटरीची तार काढली, कारण चालू यंत्रात हात घालायचा नाही हा तिचा नियम.

घुरघुर थांबली नाही.

ती थोडा वेळ तार बोटांत धरून बसली. उरलासुरला करंट असेल, ती स्वतःला म्हणाली. टीव्हीवर फाटकही उघडंच होतं. तिने मोटरीवर बोट ठेवलं. मोटर फिरत नव्हती. थरथर होती ती बटणाच्या बाजूने.

असं बटण बहुधा साखरेने अडकतं. सरबत सांडतं, आत जाऊन वाळतं. ब्रश फिरवला की निघतं. पण इथे आत डाग नव्हता की धूळ नव्हती. तिने बटणाचा प्लास्टिकचा तुकडा काढून बाजूला ठेवला. त्याच्याखाली मुगाच्या दाण्याएवढी रबरी घुमटी असते. दाबली की बसते, सोडली की उठते. तिच्यावर आता काहीही नव्हतं. तरी ती पूर्ण खाली दबलेली होती. मधोमध खळगा पडलेला.

तिने चिमट्याने घुमटी उचलायचा प्रयत्न केला. उचलेना. बोट लावून बघितलं. रबर कोमट होतं.

हात नेहमीच्या सवयीने नळीकडे गेला. तिने नळीची दोन टोकं कानात घातली आणि रबरी तोंड त्या खळग्याला लावलं.

सुरुवातीला नुसता वारा. रुळांच्या बाजूला, गाडी येण्याच्या बऱ्याच आधी, मोकळ्या माळावर असतो तसा. मग त्यात कुणाचा तरी श्वास. जड, ओढून काढलेला. दिवसभर वजन धरून उभ्या असलेल्या माणसाचा.

‘…नऊ…’

तिने नळीचं तोंड खळग्यावर आणखी घट्ट दाबलं.

‘…साडेनऊ…’ मध्ये बराच वेळ काही नाही. ‘…पावणे… दहा…’ आणि मग हुंकारासारखं काहीतरी. आणि पुन्हा, पहिल्यापासून, ‘…नऊ…’

तिने नळी ओढून काढली. टेबलावरचा स्क्रू-ड्रायव्हर गडगडत खाली पडला. आई कठड्यावर बोटं आपटतच होती.

आता इथे ती थांबली असती तर पुढचं काही झालं नसतं. पण बावीस वर्षांचा धंदा आडवा आला. दमलेला कान काहीही ऐकतो, हे ती रोज गिऱ्हाइकांना सांगायची. कुणाला पंख्यात भजनं ऐकू यायची, कुणाला नळाच्या पाण्यात मेलेली बहीण हाक मारायची. मेंदूला आवाज कमी पडला की तो स्वतःच भर घालतो. हवेच्या गादीचा पंप चालूच होता की खोलीत. आणि ती स्वतः कालपासून तीन तास झोपली होती. तिने तोंडावर पाणी मारलं आणि आपण मूर्ख आहोत असं ठरवून टाकलं.

घुमटी खराब झालीय, बदलायची, झालं. श्रवणयंत्राच्या टोकाला कानात बसणारी अशीच एक रबरी घुमटी असते. तिच्या पिशवीत त्या डझनभर होत्या. तिने एक मापाने कापली. जुनी काढायला आतल्या सर्किटच्या पट्टीच्या मागून सुईने रेटा दिला. निघेना. आणखी जोर दिला. सुईवर पलीकडून कुणीतरी तेवढ्याच जोराने दाबत होतं. ते दाबणं जिवंत होतं, थकलेलं होतं, मध्येच जरासं सैल पडत होतं. तिने दात आवळले आणि ते सैल पडलेलं नेमकं पकडून सगळी ताकद लावली.

टक्.

घुमटी उडून वाटीत पडली. घुरघुर थांबली. सात महिन्यांत पहिल्यांदाच खोली खरोखर गप्प झाली. टीव्हीवर फाटक धाडकन खाली आलं आणि पिवळी टोपी त्याच्या मागे दिसेनाशी झाली.

आई ओरडली. वाचा गेलेल्या बाईच्या तोंडून असा आवाज निघू शकतो हे कानवालीला माहीत नव्हतं. ती धावत पलंगाकडे गेली तेव्हा आईचे डोळे सताड उघडे होते आणि त्यातून पाणी वाहत होतं.

नवी घुमटी छान बसली. बटण दाबलं की बसत होतं, सोडलं की उठत होतं. दुरुस्तीत काही खोट नव्हती.

त्या रात्रीपासून आईने पेज घेणं बंद केलं. सोमवारी पाणीही. डोळे मिटेनात. मावशींनी पायाला हात लावला, पाय गार लागला तसा गुपचूप मागे घेतला. मंगळवारी डॉक्टर म्हणाले, तासा-दोन तासांचा प्रश्न आहे, भावाला बोलवा. बुधवारीही तेच म्हणाले. शुक्रवारी त्यांनी आईचा हात धरला, मनगटावर बोटं ठेवली, सरकवली, पुन्हा ठेवली. मग गळ्यावर. मग छातीला स्टेथोस्कोप लावून बराच वेळ वाकून राहिले.

‘काय झालं डॉक्टर?’

‘मला… नाडी लागत नाहीये.’ ते हळूच म्हणाले. ‘ठोकेही नाहीत. म्हणजे… या तर…’

तेवढ्यात आईने मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं.

डॉक्टर उठले आणि निघून गेले. बॅग तशीच पलंगाजवळ राहिली. नंतर ती न्यायलाही आले नाहीत, कंपाउंडरला पाठवलं. शनिवारी मावशींनी फोन करून सांगितलं, मला बरं नाही, आता मी येणार नाही.

शनिवारी दुपारी चार वाजता कानवालीने गेम लावला. दुसरं काय करावं ते तिला सुचत नव्हतं. आईचा कंट्रोलर तिच्या थंडगार तळहातात ठेवला. तो अंगठा असा झटकन हललेला तिने कधीच बघितला नव्हता. लाल टोपी फुलांकडे गेलीच नाही. तडक फाटकावर जाऊन आपटली. मागे आली. पुन्हा आपटली. टप्… टप्… टप्… जन्मात कधी घाई न केलेली आई. दगडावर डोकं आपटणारी ती एवढीशी टोपी, आणि पलंगावरून थेट लेकीकडे लागलेले ते डोळे.

कानवाली ते बघत राहिली. तिला सगळं कळलं. कळायला आठवडा लागला, कारण कळून घ्यायचं नव्हतं. बाबा सात महिने फाटक धरून उभे होते. बोट दुखत होतं, जीव मेटाकुटीला आला होता, तरी पावणेदहाच्या पुढे गेले नव्हते. आणि आपण कारागिरी दाखवायला म्हणून त्यांचा अंगठा ढकलून काढला. आता आईला इथे राहता येत नव्हतं आणि जाताही येत नव्हतं.

ती खूप रडली. मग आठवडाभर रजेसाठी अडलेल्या दादाला पुन्हा फोन लावला.

‘मी उद्या सकाळच्या गाडीने निघतोय,’ दादा म्हणाला. ‘दुपारपर्यंत पोचतो. तेवढं… मी येईपर्यंत धरून ठेव गं तिला.’

‘हो,’ ती म्हणाली.

फोन ठेवला. टप्… टप्… चालूच होतं. उद्या दुपारपर्यंत. अजून वीस तास. तिने आईच्या कपाळावरून हात फिरवला. कपाळ टेबलासारखं गार होतं. ‘दादाला भेटायचंय का आई? थांबतेस का?’ आईने डोळे मिटायचा प्रयत्न केला. पापण्या अर्ध्यावर येऊन अडकल्या. तेवढं बघून तिचा निर्णय झाला. दादा आयुष्यभर बोलणार नाही आपल्याशी, तर न बोलू दे.

तिने बाबांचा कंट्रोलर घेतला, बाबांच्या खुर्चीत बसली आणि बटण दाबलं.

एवढंसं बटण, पण दाबायला दोन्ही अंगठे लागले. फाटक करकरत वर जाऊ लागलं. कंट्रोलर घुरघुरला. खालून रेटा असा की हाताची शीर न् शीर ताठ झाली. अंगठा जरा ढिला पडला की फाटक वीतभर खाली यायचं. आत शिळेवर पिवळी टोपी दिसली. ती बसलेली होती. त्या खेळात कुणी बसत नसे.

‘जा आई,’ ती म्हणाली. ‘उघडलंय. जा.’

लाल टोपी फाटकापर्यंत गेली. उंबऱ्यावर थांबली. आणि वळून बागेत परत आली.

‘अगं… कुठे चाललीस?’

लाल टोपी फुलं खुडत होती. सावकाश. एक, मग दुसरं. दहा झाली. शेवटची दोन राहिली. कानवालीला रडताना हसू फुटलं. अंगठ्याची नखं पांढरी पडली होती, मनगटातून कळ थेट खांद्यात चढत होती. तोंडातून आपोआप निघालं, ‘अगं ये की… बोट दुखायला लागलं माझं…’

पलंगावरून, साडेसहा महिन्यांत पहिल्यांदाच, आईचा स्वच्छ आवाज आला.

‘आले हो… एवढी दोन फुलं घेते.’

कानवालीने मान वळवली नाही. वळवली असती तर अंगठा सुटला असता. ती मोजायला लागली. ‘सात… आठ… नऊ… साडेनऊ…’ हात आता तिचे राहिले नव्हते. ‘पावणे…’ आणि तेवढ्यात बटण एकदम हलकं झालं. तिच्या अंगठ्यांवर वरून एक जाड, खरखरीत, कोमट अंगठा येऊन टेकला होता. दिसत काहीच नव्हतं. तिने आपले हात हळूच काढून घेतले. बटण खालीच राहिलं.

लाल टोपीने शेवटची दोन फुलं घेतली आणि आत गेली. पिवळी टोपी उठली. दोघं पुढच्या बागेकडे चालत गेली, पडद्याच्या कडेला पोचली, आणि दिसेनाशी झाली.

टक्. बटण वर आलं. पलंगावर आईचे डोळे मिटले होते आणि तळहात उघडा पडला होता.

दुसऱ्या दिवशी दादा आला. ‘थांबली नाही ना,’ एवढंच म्हणाला आणि तिच्या गळ्यात पडून लहान मुलासारखा रडला. तिने त्याला काही सांगितलं नाही. जाताना आठवण म्हणून तो बाबांचा कंट्रोलर आणि चष्मा घेऊन गेला. पलंग, हवेची गादी, भांडं, सगळं दिलं गेलं. कानवाली दोन दिवस सलग झोपली, तरी शीण गेला नाही. मग दुकानात जायला लागली.

महिना होत आला होता. एका संध्याकाळी ती पायातल्या चपला काढत होती आणि टीव्हीखालचा खण घुरघुरायला लागला.

खणात आता एकच कंट्रोलर होता. आईचा. त्याचं डावं बटण खाली रुतून बसलेलं होतं.

तिने टीव्ही लावला. फाटक उघडं होतं. आत शिळेवर लाल टोपी उभी होती. आणि बाहेर बागेत, बारा फुलांच्या मधोमध, एक निळी टोपी. तो खेळ दोघांचाच होता. निळी टोपी त्यात नव्हतीच कधी. पण घरात आता ती एकटीच उरली होती, त्यामुळे टोपी कुणाची ते विचारायची गरज नव्हती.

नळी पिशवीत होती. तिने ती काढली नाही. स्क्रू-ड्रायव्हरलाही हात लावला नाही. कुणाचा अंगठा आहे ते तिला माहीत होतं, आणि पुन्हा तो ढकलण्याचं धाडस तिच्यात नव्हतं. तिने तो खण तसाच बंद केला. आई गेल्यापासून घर खायला उठत होतं, आणि खरं सांगायचं तर त्या घुरघुरीने तिला बरंच वाटलं. त्याच गोष्टीची तिला सगळ्यात जास्त भीती वाटली.

हल्ली ती दुकान बंद होईपर्यंत तिथेच रेंगाळते. घरी आली की आधी टीव्ही लावते आणि फुलं मोजते. ती आता पुन्हा उगवत नाहीत. निळ्या टोपीला चालवायला तिच्या हातात काही नाही, तरी दोन-तीन दिवसांनी एखादं कमी झालेलं असतं. काल दहा होती. आज सकाळी निघताना नऊ.

संध्याकाळी तिने पुन्हा मोजली. आठ फुलं पूर्ण होती. नवव्याच्या पाकळ्या एका बाजूच्या गेलेल्या, एका बाजूच्या शाबूत. कुणीतरी मुद्दाम, वेळ काढायला, अर्धंच खुडून ठेवल्यासारखं.

त्या खेळात फूल अर्धं खुडताच येत नाही.